दुखवट्याची साडी

माझ्या पहिल्या माहितीपटात एकही चेहरा नाही. पाठी आहेत, हात आहेत, चपला आहेत. एका ठिकाणी तर बराच वेळ नुसता कूलर दिसतो आणि त्याच्या मागून एक मुलगी बोलत राहते. दिल्लीच्या एका महोत्सवात एका समीक्षकाने त्यावर लांबलचक लिहिलं, की दिग्दर्शिकेने चेहरा नाकारून बघणाऱ्याच्या नजरेलाच आव्हान दिलं आहे. मी काही नाकारलं-बिकारलं नव्हतं. वर्धा जिल्ह्यात मला चेहरा दाखवू द्यायला कोणी तयार नव्हतं, एवढी साधी गोष्ट होती. पण बक्षीस मिळालं, तेव्हा मीही मंचावर जाऊन नजर, नकार, अवकाश असं काहीबाही बोलून आले.

मी त्याच जिल्ह्यातल्या तळेगावची. शिकायला पुण्याला गेले आणि परत आले, याचं लोकांना अजून नवल वाटतं. मला माझ्यासारख्यांवर फिल्म करायची होती: पुरुषांवर जीव लावणारे पुरुष, बायकांवर जीव लावणाऱ्या बायका. असली माणसं मुंबईत राहतात असा सगळ्यांचा समज असतो. आता सगळ्यांना कुठलं जमतंय मुंबईला जायला? कोणाची शेती असते, कोणाची नोकरी, कोणाची म्हातारी आई. ती आर्वीत असतात, देवळीत असतात, हिंगणघाटच्या कापसाच्या जिनिंगमध्ये असतात, आणि रविवारी बाजारात भाजी घेताना दिसतात. त्यांना शोधत फिरणं हे माझं काम. पोटासाठी मी लग्नांचं शूटिंग करते, वाढदिवसांचं करते, आणि अलीकडे तेरवीला लावायचे श्रद्धांजलीचे व्हिडिओही करून देते. मेलेल्या माणसाचे फोटो एकामागून एक, खाली बासरी. त्या कामाला मरण नाही.

माणसं माझ्याशी बोलायला तयार होत, हे मला आधी नवल वाटायचं. तासन्‌तास बोलत. चहा करून देत, दार लावून घेत आणि सगळं सांगत. चेहऱ्यासकट शूटिंगही करू देत. फक्त शेवटी एक अट असायची, आणि ती प्रत्येकाची तीच: आई गेल्यावर दाखव. बाप गेल्यावर, असं कोणी म्हटलेलं मला आठवत नाही. बापाला सगळे भितात, पण बाप करून करून काय करील, मारील नाहीतर घराबाहेर काढील. आई रडेल. त्यापुढे कोणाचं काही चालत नाही. तेव्हा माझ्या लोखंडी कपाटात हार्डडिस्क रचून ठेवल्या आहेत, आणि त्यांतलं सगळं कोणाची ना कोणाची आई जाण्याची वाट बघत पडलं आहे. लिहिताना वाईट दिसतं, पण आहे ते असं आहे. त्यात आमच्याकडच्या आया चिवट. माझी स्वतःची तळेगावला ठणठणीत आहे, देव तिला ठेवो. दिल्लीच्या मंचावर मी लेस्बियन आहे हे मी माईक हातात धरून सांगते. तळेगावात मी लग्न न झालेली, शूटिंगवाली मुलगी आहे.

ज्या दोघांबद्दल मला लिहायचं आहे, त्यांचीही अट हीच होती.

त्यातल्या एकांना मी दादा म्हणायचे. सरकारी खात्यात ड्राफ्ट्समन होते, कालव्यांचे नकाशे काढण्यात जन्म गेला. वर्धेजवळ पिपरी मेघेला छोटं घर, घरात ते आणि त्यांची आई, बस. लग्न केलं नाही. दुसरे हिंगणघाटच्या एका जिनिंगमध्ये कापसाची प्रत ठरवायचे. अशा माणसाला आमच्याकडे ग्रेडर म्हणतात, म्हणून मी त्यांना ग्रेडरभाऊ म्हणायचे. गाडीतून मूठभर कापूस उपसायचा, दोन अंगठ्यांमध्ये धरून ओढायचा, धागा किती लांब निघतो ते बघायचं आणि भाव बोलायचा. ग्रेडरभाऊंना बायको आहे, दोन मुली आहेत. ऐन तारुण्यात दोघांनी वर्धेला एक खोली भाड्याने घेतली होती, तिथेच ते जवळ आले. नंतर ग्रेडरभाऊंचं लग्न झालं, खोली सुटली, पण आठवड्यातून एकदा दादा साइटवर जातो म्हणून हिंगणघाटला जायचे ते काही सुटलं नाही. तीस-पस्तीस वर्षं एक माणूस एका कालव्याची पाहणी करतोय, आणि घरी कोणाला शंका नाही. सरकारी काम असंच चालतं यावर लोकांचा केवढा विश्वास!

त्या दोघांवर मी पाच-सहा वर्षं शूटिंग केलं. दादांच्या आईला सांगितलं होतं की मी वर्धेच्या जुन्या कालव्यांवर फिल्म करते आहे आणि दादा मला नकाशे समजावून देतात. म्हातारी ऐंशीच्या पुढची, पण कान शाबूत, नजर शाबूत. मी आले की सांबारवड्या, म्हणजे कोथिंबिरीच्या वड्या, तळायची. दार लोटून आम्ही आतल्या खोलीत बसायचो, कारण आवाज येतो, असं मी सांगायचे. ती बाहेर ओट्यावर बसून कोणालाही आत येऊ द्यायची नाही. मधे शूटिंग सुरू हाये, म्हणायची. आत दादा कॅमेऱ्यापुढे त्यांच्या प्रेमाबद्दल बोलत असायचे.

त्याच वर्षांत मी बाहेरही बरंच बोलत होते. आम्हाला गुन्हेगार ठरवणारं कलम कोर्टाने काढलं तेव्हा नागपूरला आम्ही पेढे वाटले. नंतर लग्नाच्या हक्काचं प्रकरण उभं राहिलं, तेव्हा मी कॉलेजांमधून फिरले, वकिलांबरोबर बसले, आणि घरातून पळालेल्या दोन मुलींबरोबर पोलीस ठाण्यात दिवसभर बसून राहिले. साहेब माझ्याशी मॅडम, मॅडम म्हणत अतिशय अदबीने बोलले आणि संध्याकाळी दोघींच्या घरच्यांना बोलावून दोघींना दोन गाड्यांत बसवून दिलं. लग्नाच्या प्रकरणात कोर्टाने सहानुभूती दाखवली आणि संसदेकडे बोट केलं. त्या दिवशी दादांचा फोन आला होता. म्हणाले, आम्ही कुठे मांडव घालणार होतो? पण कोणी विचारलं असतं तर बरं वाटलं असतं. मला त्यांचा राग आला होता. इतकं कमी मागणाऱ्या माणसांसाठी भांडायचं तरी काय, असं वाटलं. वर्धेत माझी फिल्म दाखवायला एक हॉल ठरवला होता, तिथे आदल्या दिवशी योगशिबिर निघालं. पुढच्या वेळी दुसरा हॉल बघितला, तर तिथे रंगकाम निघालं. माझ्या फिल्म बर्लिनला दाखवल्या गेल्या आहेत. सेवाग्रामच्या रस्त्यावर मात्र त्यांना भिंत मिळाली नाही.

मग दादाच गेले.

आई हयात होती आणि ते गेले. सकाळी अंघोळीला गेले, दार आतून बंद, शेजाऱ्यांनी तोडलं. अटॅक. मला पुतण्याने कळवलं, तो नागपूरला असतो. ग्रेडरभाऊंना कोणीच कळवलं नाही, कळवायचं कारणही कोणाला नव्हतं. मी फोन केला तेव्हा ते गाडीवर चढून कापूस बघत होते. बरं, म्हणाले. मागे जिनिंगचा आवाज येत होता. मग म्हणाले, निघतो. घाटावर ते ऑफिसच्या लोकांत उभे होते. पुतण्याने अग्नी दिला, टक्कल पुतण्याने केलं. सगळे जण सरणावर एकेक लाकूड टाकतात तसं त्यांनीही टाकलं, आणि सगळ्यांबरोबर मागे न बघता निघाले. मी बायकांत होते, घाटावर गेले नव्हते. हे सगळं त्यांनीच मला नंतर सांगितलं.

तेरवीच्या चार दिवस आधी पुतण्याचा फोन आला, की ताई, काकांचा एक व्हिडिओ करून द्या, टीव्ही आणतो आम्ही, तुमच्याजवळ काकांचं शूटिंग लय असंन. मी हो म्हटलं. नाही कसं म्हणणार? आणि त्याच दुपारी ग्रेडरभाऊ माझ्या खोलीवर आले. आयुष्यात पहिल्यांदाच आले. खुर्चीच्या टोकावर बसले, पाणी घेतलं आणि विचारलं, व्हिडिओ तुम्हीच करताय ना?

इथे एक सांगितलं पाहिजे. आमच्याकडे तेरवीला सोयरे घरच्यांना कपडे देतात, पुरुषांना टॉवेल-टोपी, बायकांना साडी. त्याला दुखवटा म्हणतात. ज्याला दुखवटा मिळाला, त्याला दुःख झालं आहे हे सगळ्यांनी मान्य केलं. तो दुसऱ्या दिवशी कामाला आला नाही तरी कोणी काही म्हणत नाही, तो जेवता जेवता उठून गेला तरी कोणी काही म्हणत नाही. ज्याला मिळाला नाही, तो पाहुणा. त्याने पोटभर जेवावं आणि आपल्या घरी जावं.

ग्रेडरभाऊ म्हणाले, "मले दुखवटा कोनी देनार नाई, ताई. द्यावा असं मी म्हनतही नाई. पन त्या व्हिडिओत एखाद्या कोपऱ्यात मी असलो पाह्यजे. कोनाले दिसलो नाई तरी चालन. मले समजलं म्हंजे झालं."

मला रडू आलं आणि मी रडलेही. ते नाही रडले. ते जिनिंगमधून अर्ध्या दिवसाची सुट्टी काढून आले होते आणि त्यांना बस गाठायची होती.

मी चार दिवस ते शूटिंग बघत बसले. दादा बोलताहेत, दादा चष्मा पुसताहेत, दादा म्हणताहेत की मला एकदा त्याच्याबरोबर सगळ्यांसमोर एका ताटात जेवायचं आहे. यातलं काय लावणार? आवाज तर काढूनच टाकायचा होता. शेवटी मला वेणा नदीच्या काठचा तुकडा सापडला. हिंगणघाटला, कडुनिंबाखाली दादा बसले आहेत. मी कॅमेऱ्यामागे, आणि माझ्या शेजारी ग्रेडरभाऊ, हातात थर्माकोलची शीट धरून, दादांच्या तोंडावर उजेड पाडत उभे. फ्रेममध्ये ते नाहीत. पण ते दादांच्या पांढऱ्या केसांची प्रत सांगत होते. माल ओला आहे, कचरा जास्त आहे, या भावात मी उचलणार नाही. आणि दादा हसत सुटले. असं हसले की चष्मा घसरला. तो सावरून त्यांनी ग्रेडरभाऊंकडे जे बघितलं ना, तसं बघितलेलं मला आजवर दुसरीकडे कुठे शूट करता आलेलं नाही. मी तो तुकडा अख्खा ठेवला, वेग कमी केला, आवाज काढला आणि खाली बासरी टाकली. बघणारे सगळे दादांना बघतील. दादा ज्यांच्याकडे बघताहेत, त्यांना कळेल. मला माझ्या हुशारीचं फार कौतुक वाटलं. माझ्या सगळ्या फिल्म मिळून जे झालं नव्हतं ते मी एका तेरवीच्या मांडवात करून दाखवणार होते.

तेरवी भर दुपारी होती. घरापुढे मांडव, एका बाजूला दादांचा हार घातलेला फोटो, शेजारी टेबलावर टीव्ही. पंगती सुरू होत्या. ग्रेडरभाऊ बायकोला घेऊन आले होते. बायको भली आहे, ती माझ्याच शेजारी बसली आणि थोरलीचं जमत आलंय, पुलगावचं स्थळ आहे, असं मला सांगत होती. ते पुरुषांत, टीव्हीपासून चार-पाच खुर्च्या सोडून. पुतण्याला आणि त्याच्या बापाला टॉवेल-टोपी देऊन झालं. म्हाताऱ्या आईला तिच्या माहेरच्यांनी साडी दिली, तिने ती मांडीवर ठेवली. मग व्हिडिओ लावला.

वेणेकाठचा तुकडा आला तेव्हा मी टीव्हीकडे बघितलंच नाही, ग्रेडरभाऊंकडे बघितलं. ते ताठ बसले होते. दोन्ही हात गुडघ्यांवर. त्यांना कळलं होतं. माझ्या सगळ्या कामात मला एवढं कधीच साधलं नव्हतं, त्या क्षणापुरतं मला खरंच सुख झालं.

आई म्हणाली, ते परत लाव. पुतण्याने परत लावलं. ती उठून टीव्हीजवळ गेली. तिने तिसऱ्यांदा लावायला सांगितलं, आणि मांडवातलं बोलणं हळूहळू थांबलं.

"माह्या घरात असा नाई हासला तो कधी," ती म्हणाली. कोणाला उद्देशून नाही, अशीच. मग मागे वळून मला शोधलं. "कोनाकडे पाहून राह्यला व तो?"

मी म्हटलं, कॅमेऱ्याकडे. चाळीस-पन्नास माणसं ऐकत होती.

"कॅमेऱ्यामागं तूच होती न?"

मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते? अजून कोण होतं, असं तिने विचारलं असतं तर थर्माकोल धरायला कोण होतं तेही सांगावं लागलं असतं, आणि ज्यांनी धरला होता त्यांची बायको माझ्या उजव्या हाताला बसून बुंदी खात होती. पण म्हातारीला पुढचं काही विचारायचंच नव्हतं. तिच्या मनात सगळं जुळलं होतं, ते मला तिच्या तोंडावर दिसत होतं. इतकी वर्षं घरी येणारी बिनलग्नाची बाई. दार लोटून बसणारी. तिचा बिनलग्नाचा मुलगा. ती चालत माझ्यापुढे आली आणि तिने माझ्या तोंडावरून हात फिरवला.

"काऊन नाई सांगतलं मले?" ती म्हणाली. "मी काय खाऊन टाकलं असतं तुमाले?"

मी म्हटलं, काकू, तसं नाही. ती म्हणाली की ती आंधळी नव्हती, तिला कधी कधी वाटायचं, पण पोरगा बोलत नाही तर आपण कसं बोलावं. मग तिने माझी जात विचारली. मी सांगायला तोंड उघडलं तर तिने हात वर केला. नको सांगू, म्हणाली, एवढ्यासाठीच दोघं गप्प बसले असाल तर मी पापीण, मला आधी कळतं तर मी जातीकडे बघितलं नसतं, या हातांनी ओवाळून घरात घेतलं असतं. बायका डोळ्यांना पदर लावत होत्या. ती खोटं बोलत नव्हती. आयुष्यभराचा एक मोठा कठीण प्रश्न तिने त्या मांडवात एकटीने सोडवला होता, आणि त्या भरात ती किती सुंदर दिसत होती हे मी सांगू शकत नाही. फक्त प्रश्न तिचा तिनेच काढलेला होता.

मी आजवर किती मंचांवरून सांगितलं आहे की आपण बोलत नाही म्हणून आपण नसतो. वाक्य चांगलं आहे, टाळ्या येतात. त्या मांडवात ‘तसं नाही’च्या पुढे मी गेले नाही. मी नाही म्हणाले असते, तर मग तो कोणाकडे बघत होता, हा एकच प्रश्न उरला असता. मी ग्रेडरभाऊंकडे बघितलं. मला वाटतं, मी त्यांना विचारत होते. आईनेही माझी नजर कुठे गेली ते बघितलं, आणि तिला वाटलं की मी साक्षीदार दाखवते आहे.

"तुमी दोस्त होते न त्याचे," ती त्यांना म्हणाली. "तुमाले मालूम होतं?"

ग्रेडरभाऊ उठून उभे राहिले. वडीलधाऱ्या बाईशी बोलताना उभं राहतात तसे.

"हो काकू," ते म्हणाले. "मले मालूम होतं. लय जीव होता दादांचा या ताईवर."

आईने माहेरून आलेली ती साडी आपल्या जागेवरून उचलून आणली, घडी मोडली आणि माझ्या खांद्यांवर घातली. हिरवट राखाडी रंगाची होती. शेजारच्या बायकांनी मला धरलं. ग्रेडरभाऊंची बायको माझी पाठ चोळत होती, रडा ताई, मोकळ्या व्हा, म्हणत होती. मी रडत होतेच. मग पुढची पंगत बसली, आणि पुतण्याने ग्रेडरभाऊंना हात धरून त्यात नेऊन बसवलं. त्यांनी ताटातलं सगळं संपवलं. तेरवीच्या ताटात काही टाकायचं नसतं.

दुसऱ्या दिवशी मी फोन केला तेव्हा मला त्यांच्यावर ओरडायचं होतं. का बोललात, मी वेळ मारून नेली असती, म्हणायचं होतं. त्यांनी मला बोलू दिलं. मग शांतपणे म्हणाले, काकूला इतकं बरं वाटलेलं मी कधी बघितलं नाही. आणि लोकांना कळलं तर खरं ना, की दादांवर जीव लावणारं कोणी होतं. कोण ते राहू द्या. मी म्हटलं, ते राहू द्यायचं नव्हतं, मी वीस वर्षं हेच राहू देऊ नका म्हणून ओरडते आहे. ते म्हणाले, हो ताई, तुमचं बरोबर आहे. असं बरोबर आहे म्हणणाऱ्या माणसाशी भांडता येत नाही.

ती बातमी पिपरी मेघेहून निघाली, ती तळेगावला पोचायला वेळ लागला नाही. माझ्या आईचा फोन आला. मला वाटलं ओरडेल. ती म्हणाली, तुझ्या खात्यावर कोणीच नाही म्हणून मी काळजीने झोपत नव्हते, बरं झालं बाई, निदान कोणी तरी होतं तुला. आणि मग फोनवर खूप वेळ रडली, माझ्या दुःखासाठी. माझ्या आयुष्यात खरोखर एक बाई होती, सात वर्षं होती, ती सोडून गेली तेव्हा मी तळेगावला आठवडाभर पित्ताचा त्रास आहे म्हणून पडून होते आणि आई मला कोकम सरबत देत होती. हे मी आईला आता कधी सांगायचं? तिच्यासमोर माझा एक माणूस मेलेला आहे. त्याच्यावर आता दुसरं काही रचता येत नाही.

दादांची आई मला दर आठवड्याला बोलावते. मी जाते. ती सांबारवड्या तळते, दादा लहानपणी कसा होता ते सांगते, आणि मी काय सांगते? मी तिला ग्रेडरभाऊंच्या गोष्टी सांगते, माझ्या म्हणून. दादांना गोड दही आवडायचं, दादा थंडीत कान झाकायचे, दादा रुसले की पेपर वाचायचे. तिला तिच्या मुलाबद्दल माहीत नसलेलं सगळं मला शूटिंगमधून माहीत आहे. ती ऐकता ऐकता माझा हात धरते. मला तिचा राग येतो, दया येते, आणि सगळ्यात वाईट म्हणजे तिथे मला बरं वाटतं. एवढं आपलं म्हणून मला कोणीच कधी जवळ घेतलेलं नाही.

दिल्लीहून बोलावणं आलं होतं, दृश्यमानता या विषयावर बोलायला. मी तब्येतीचं कारण सांगितलं. फिल्मचं मी ग्रेडरभाऊंना एकदा विचारलं. काकू गेल्यावर तरी दाखवायची का? ते नाही म्हणाले. म्हणाले, आता सगळ्यांना दादा म्हटलं की तुम्ही आठवता, आता मधेच मी कुठून येऊ? त्यांच्या थोरलीचं पुलगावला लग्न झालं. शूटिंग मीच केलं. मुलीची पाठवणी झाली तेव्हा ते खूप रडले, इतके की सोयरे बघत राहिले. बापाचा जीव, म्हणाले सगळे. मी कॅमेरा त्यांच्यावरून हलवला नाही. रडायला मिळालेली ती पहिलीच जागा होती त्यांना.

परवा दादांचं वर्षश्राद्ध झालं. त्यांच्या आईने मला आदल्या दिवशीच बोलावून घेतलं होतं. फोटोशेजारी सतरंजीवर मला बसवलं, आणि आलेला प्रत्येक जण आधी फोटोला, मग आईला, मग मला हात जोडत होता. ग्रेडरभाऊ जेवणाच्या वेळेला आले. वाळले आहेत. त्या घरात यायला आता त्यांच्याकडे काही कारण उरलेलं नाही, आणि नव्या आलेल्या कोणा पाहुण्याने आईला विचारलं, हे कोण?

आईने माझ्याकडे बघून नीट ओळख करून दिली. "हे हिंगनघाटचे," ती म्हणाली. "आमच्या सुनेच्या ओळखीतले हायेत."

ग्रेडरभाऊंनी पाहुण्याला नमस्कार केला. मग फोटोला केला. मग आईला वाकून केला, आणि माझ्यासमोर येऊन, इतरांसारखेच, त्यांनी मला हात जोडले.